आमच्या दुकानाची नोंद समोरच्या दुकानाने लिहिली

मंडळी, आपल्या ई-मेल गटाच्या ऑनलाइन ज्ञानकोशात सध्या चिकपेटच्या जुन्या कापड दुकानांच्या नोंदी चालू आहेत. आज सकाळी अण्णा, म्हणजे माझे वडील, म्हणाले, "आपल्याबद्दल तूच लिही. स्वल्प वाढवून लिही!"

"घरच्या दुकानाबद्दल मी नाही लिहिणार."

"मग काय समोरचे लिहिणार?" अण्णा भडकले.

मी खरंच समोरच्या दुकानातल्या सुधाक्काला सांगितलं. तीही गटात आहे, आणि आमची गिऱ्हाइकं पळवण्यात पटाईत!

आत्ता सायबर कॅफेत तिची नोंद वाचली. "इथे कापड मोजून झाल्यावर चार बोटं जास्त सोडून कापतात. त्यामुळे आम्हालाही तसंच कापावं लागतं." खाली टीप: "लेखिकेचं दुकान समोरच आहे."

सांगा मंडळी, पोटच्या पोराला एवढं वाढवून लिहिता आलं असतं?