भांगड्याच्या यादीतला ताईचा फोटो

ताईच्या लग्नाचा बायोडाटा मीच घरच्या कॉम्प्युटरवर टाइप केला होता. उंची, रास, गोत्र. सोबत जांभळ्या साडीतला फोटो, चौकातल्या स्टुडिओवाल्या काकांनी काढून सीडीवर दिलेला, तोही मी त्याच कॉम्प्युटरवर उतरवून ठेवलेला.

तेव्हा पिपरी मेघेत राहूनही मी भांगड्याच्या नादात पुरता पंजाबी झालो होतो. हातात कडं, वहीत ऐकून ऐकून देवनागरीत उतरवलेली गाणी. अर्थ निम्म्यांचा ठाऊक नाही. फोनच्या तारेवरून चालणाऱ्या इंटरनेटवर एक गाणं उतरायला अर्धा दिवस लागे, मध्येच फोन वाजला की सगळं मुसळ केरात. गाण्यांची देवघेव करायच्या त्या प्रोग्रामात माझ्या नावावर टिचकी मारली की माझ्याकडची यादी समोरच्याला दिसे. ती लांबलचक दिसावी म्हणून मी गाण्यांचा फोल्डर न देता अख्खी डिस्कच खुली केली. वर सेलूच्या सायबर कॅफेतल्या पोरांना सांगून आलो, "माह्या नावावर जा, पाहा लेकहो किती माल हाय!"

त्यांनी पाहिला. पंधरा दिवसांनी केळझरच्या पाहुण्यांचा निरोप आला : जिचा फोटो सेलूच्या कॅफेत पडद्यावर लावलेला आहे, ती मुलगी आम्हाला नको.

मला तिथल्या तिथे कळलं. बाबांना मात्र वाटलं, फोटो स्टुडिओतूनच फुटला. भर बाजारात ते काकांवर ओरडले, "तुह्या घरी पोरी नाईत का रे?"

"गुरुजी, मी काऊन असं करीन?" काका हात जोडून पुन्हा पुन्हा तेच म्हणत होते.

घरी येऊन मी डिस्क बंद केली. गाणं एकही पुसलं नाही.

त्या हंगामात काकांना आमच्या भागातलं एकही लग्न मिळालं नाही. ताईचं पुढं दुसरीकडे जमलं, चांगलं चाललंय. त्या आडोशाला मी वीस वर्षं गप्प बसलो.

गेल्या महिन्यात काका वारल्याचं तिनंच फोनवर सांगितलं. तेव्हा बोलून टाकलं, सगळं.

तिनं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "फोटोचं जाऊ दे. बाबा त्यायले बोलून राह्यले होते, तेव्हा तू कुठं होता?"

"तिथंच. सायकल धरून."

तिनं फोन ठेवला. आता मी केला तर उचलते, पण काही न बोलता भाचीच्या हातात देते.