कणगीमागचं तेरा महिन्यांचं वर्ष

मला कुणी भोळी म्हटलं की अजून माझं डोकं फिरतं. भोळी असते तर सतराव्या वर्षी आख्खं पंचांग नव्याने रचलं असतं का?

रनाळ्याला लग्न होऊन आले तेव्हा स्वराज्य यायचं होतं. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आमच्या खानदेशातल्या लेकी माहेरी जातात, झोके घेतात, घसा बसेस्तोवर गातात. मला मात्र सासूबाईंनी सलग दोन वर्षं कुरडया-पापडांचं निमित्त सांगून ठेवून घेतलं. तिसऱ्या वर्षी काहीही होवो, माहेरी सारंगखेड्याला जायचंच, असं मी मनाशी पक्कं केलं होतं. कसं जायचं ते मात्र सुचत नव्हतं.

दुपारी धाकट्या जावेला आणि मला धान्याच्या खोलीत घटकाभर टेकायला मिळे. तिथे आम्ही तापीच्या पाण्याखाली एक राज्य वसवलं. त्याला दोन चंद्र होते. सासरचा चंद्र रोज झिजायचा, माहेरचा कधी मावळतच नसे. महिने तेरा. पहिला घोड्यांचा, त्यात नदीतून घोडे वर आले की वर्ष लागायचं. मग मिरचीचा, त्याच्यामागून शिंकांचा. एक महिना मुका, त्यात सुनेला कुणी बोल लावायचा नाही. आठवडा नऊ दिवसांचा आणि नवव्या दिवशी जातं झोपलेलं. तेरावा महिना सगळाच्या सगळा आखाजीचा. हे सारं मी गेरूने आणि कोळशाने कणगीमागच्या भिंतीवर खुणांनी काढून ठेवलं होतं. रोज एक खूण पुसायची आणि हसायचं, एवढाच आमचा खेळ.

चैत्राच्या मध्यावर कुरडयांसाठी गहू काढायचे म्हणून सासूबाईंनी कणगी सरकवायला लावली. तांबड्या खुणा, काळे घोडे आणि दोन चंद्र बघून त्या जागीच बसल्या. घरावर कुणीतरी करणी केली, असं त्यांनी ठरवूनच टाकलं. सातपुड्यातून भगत बोलवायचा आणि तो करणी उतरवेपर्यंत कुणी उंबरा ओलांडायचा नाही, असा हुकूमही सुटला. म्हणजे माझी तिसरी आखाजीसुद्धा गेलीच. मला भीती वाटली त्याहून राग जास्त आला, आणि रागाच्या भरात मी सगळं कबूल केलं. काठी घेऊन एकेक खूण समजावली, मुका महिनासुद्धा गाळला नाही.

सासूबाई एकेक खूण जवळून बघत पुढे सरकल्या. आता मुस्काटात बसते की काय, असं मला वाटलं. त्यांनी तेराव्या महिन्यावर बोट ठेवलं.

"ह्या राज्यमा सासूले माहेर ऱ्हास का?"

मी पार ओशाळले. एवढं राज्य उभारलं आणि सासूचा विचार आमच्या डोक्यातच आला नव्हता. मी हो म्हटलं.

"मन्हा भाऊ ते नही ऱ्हायना. माले लेवाले कोन ई?"

घ्यायला कुणी आल्याशिवाय माहेरी पाऊल टाकायचं नाही, ही आमच्याकडची रीत. भाऊ वारल्यापासून त्या गेल्याच नव्हत्या, आणि ते मला ठाऊकही नव्हतं. माझ्या तोंडून निघून गेलं, "मन्हा भाऊ ई. त्या राज्यमा कोनाबी भाऊ कोनलेबी लेवाले येस."

त्यांनी भगताचं नाव पुन्हा काढलं नाही. कुरडया आम्ही तिघींनी मिळून आठवड्यात उरकल्या. जावेला तिचा भाऊ रेल्वेने नवापूरला घेऊन गेला. दुसऱ्या दिवशी माझा भाऊ बैलांची दमणी घेऊन आला, तर सासूबाई नवं लुगडं नेसून माझ्याआधी दमणीत चढून बसलेल्या. सासरे भाकरीचं विचारत होते. तोवर भावाने बैल हाकलेसुद्धा.

त्यांचं गाव आमच्या वाटेवरच होतं. तिथे भाचेसुनेने त्यांचे पाय धुतले, म्हाताऱ्या मैत्रिणी गळ्यात पडून रडल्या. मग त्यांनी पदर खोचला आणि कडुलिंबाला बांधलेल्या झोक्यावर जाऊन बसल्या. जिंकलो आम्ही, दोघीही जिंकलो, असं मला छाती भरून वाटलं. मी आपला जपून, हलकाच झोका दिला.

सासूबाई मागे वळून माझ्यावर खेकसल्या, "बस, इतलाच? जोरमा दे."