भेटीला आलेली सफरचंदं
सफरचंदं सुरकुतायला लागली की त्यांचा गोडसर वास घरभर पसरतो, आणि मला बजाजनगरच्या आमच्या जुन्या दोन खोल्या आठवतात. सासरे टायफॉइडमधून उठले होते, पण तोंडाला चव नव्हती; चार दिवस पेजेपलीकडं काही घेत नव्हते. भेटायला येणारा प्रत्येक जण सफरचंदं आणि बिस्किटाचा पुडा आणायचा, त्यामुळं फ्रिजवर नुसत्या पिशव्या साचल्या होत्या. त्या दुपारी मी सफरचंदं सोलून बारीक चिरली, गूळ, चमचाभर तूप आणि वेलदोडा घालून मऊ शिजवली, बिस्किटं चुरून तव्यावर खरपूस परतली आणि वरून पसरली. सासूबाई दारातूनच म्हणाल्या, "आजाऱ्याचं फळ कुणी शिजवतं व्हय? नाय खायचे ते." लग्नाला जेमतेम दोन महिने झाले होते, तरी वाटी मी सासऱ्यांपुढं ठेवलीच. त्यांनी एक चमचा खाल्ला, दुसरा खाल्ला, मग चमचा बाजूला ठेवून बोटानं वाटी पुसून घेतली आणि विचारलं, "अजून हाय का?" दुसरी वाटी सासूबाईंनीच भरून आणली. परवा शेजारच्या काकूंना ताप आला, तेव्हा सासूबाईंनी हेच करून डब्यात भरलं आणि डबा न्यायला आलेल्या काकूंच्या सुनेला ऐटीत सांगितलं, "माझ्या माहेरची रीत हाय ही." मी तिथंच उभी होते. मान ताठ करून म्हणाले, "व्हय, लई जुनी."