वीस तारखेची माणसं

काळजी करायला ज्यांना ही एक पृथ्वी पुरली नाही, असे माझ्या माहितीतले एकमेव गृहस्थ म्हणजे आमचे दाजी, माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान. वडगावात घराच्या मागच्या खोलीत त्यांचे दोन यंत्रमाग आहेत, त्यांवर साड्या निघतात. सांबऱ्याच्या विमानतळावर कुणाला पोचवायचं असलं, की दाजी चार तास आधी तयार होऊन कट्ट्यावर बसतात, आणि अर्ध्या वाटेवरून गॅस बंद आहे का बघायला परत येतात. आभाळ मोकळं असलं तर एक छत्री, ढग असले तर दोन. पहिली वाऱ्यानं उलटी झाली तर काय घ्या. लग्नात सप्तपदीच्या वेळी त्यांनी माझ्या बहिणीशी बोललेलं आयुष्यातलं पहिलं वाक्य 'पदर सांभाळ, होम पेटलाय' हे होतं. ती ते अजून सगळ्यांना सांगते, आणि दाजी अजून त्यावर मान डोलावतात, की बरोबरच होतं ते.

अशा माणसाच्या हातात त्यांच्या एकुलत्या एक मुलीनं, माझ्या भाचीनं, एक अख्खं जग आणून दिलं. कॉलेजात असताना तिनं एका काल्पनिक देशाची लांबलचक गोष्ट लिहायला घेतली. त्या देशाच्या आभाळात दोन चंद्र होते. एकदा जेवताना तिनं सहज विचारलं, की दोन चंद्र असले तर लोक महिने कसे मोजतील? ती विचारून विसरली. दाजींचा घास हातातच राहिला. दुसऱ्या दिवशी माग चालू असताना ते साडीच्या खोक्याच्या पुठ्ठ्यावर आकडे मांडत होते. थोरला चंद्र एकोणतीस दिवसांचा, धाकटा सतरा दिवसांचा, म्हणजे दर चारशे त्र्याण्णव दिवसांनी दोन्ही अमावास्या एकदम येणार. हे गणित सुटल्याचा आनंद त्यांना अर्धा तासभर झाला असेल. मग मला फोन, मी शिकवतो त्या निपाणीच्या शाळेत, मधल्या सुट्टीत. "पावणं, त्या दिवशी मिट्ट काळोख हुणार. म्हातारीकोतारी माणसं बाहीर पडली तर?"

तिथून पुढं वर्षभर मला त्या देशाच्या अडचणी येत राहिल्या. चंद्र दोन, म्हणजे एकादश्याही दुप्पट. तिथल्या बायका उपाशी मरतील असं बहीण म्हणाली. दाजींनी धाकट्या चंद्राचे सगळे उपास काढून टाकले, आणि देव रागावले तर या चिंतेनं दोन दिवस स्वतः उपाशी राहिले. तेरा महिन्यांना त्यांनी नावं दिली: गारठा, मोहोर, वळीव अशी. बारावा महिना 'निवांत'. त्यात काहीही घडायचं नाही असा नियम होता. पण त्यातही त्यांनी एक छोटंसं वादळ घातलं. का, म्हणून विचारलं तर म्हणाले, लोक गाफील राहिलेले बरे नव्हेत. शेवटी हे पंचांग एका वहीत सुबक अक्षरात उतरवून त्यांनी मुलीला दिलं, आणि ती वही घेऊनच ती पुण्याला नोकरीला गेली.

पुढं बेळगुंदीहून तिला एक स्थळ आलं. चांगलं होतं. तिनं नको म्हणून सांगितलं. आत्ता नको, आणि बहुतेक कधीच नको. दाजी घाबरले, आणि घाबरलेला माणूस बोलतो तसं भलतंच बोलले. आम्ही गेल्यावर तुझं कोण, असं काहीतरी. तिनं फोन ठेवला. त्यानंतर चार महिने ती आईशी बोलायची, बापाशी नाही. तिची गोष्ट मात्र आता मोबाइलवर भागाभागानं लोकांपुढं येत होती, आणि दाजी मागाशेजारी उभं राहून प्रत्येक भाग दोनदा वाचत होते.

एका रविवारी सकाळी ते निपाणीत माझ्या दारात उभे. एका हातात पिशवी, दुसऱ्या हातात दोन छत्र्या. चेहरा पाहून मला वाटलं, बहिणीला काही झालं. त्यांनी पिशवीतून पंचांग आधी कच्चं मांडलं होतं तो पुठ्ठा काढून माझ्यापुढं ठेवला. गोष्टीच्या नव्या भागात एकोणीसच्या दुसऱ्या दिवशी एकवीस आली, तेव्हा त्यांनी तो काढून पाहिला होता. वहीत उतरवताना पाचव्या महिन्यात त्यांच्या हातून एकोणीसनंतर थेट एकवीस पडलं होतं. वीस तारीखच नव्हती. मुलीची सगळी गोष्ट त्या वहीवर चालली होती.

"त्या तारखेला जन्मलेल्या माणसांनी काय करायचं?" त्यांनी मला विचारलं. हसू आलं होतं, पण ते खरंच उत्तराची वाट बघत होते, म्हणून मी हसलो नाही.

ते पुण्याला जायला निघाले होते. मी त्यांना स्टँडवर नेलं. पुण्याची एक गाडी आली, गर्दी आहे म्हणून सोडली. दुसरीचा ड्रायव्हर पेंगुळलेला दिसला. तिसरी रिकामी होती, ड्रायव्हर टवटवीत होता, आणि दाजी बाकावरून उठलेच नाहीत. "तिनं दार उघडलं न्हाय तर?" एवढंच म्हणाले. मग मी त्यांना घरी आणलं आणि भाचीला फोन लावून त्यांच्या हातात दिला. त्यांना काय करायचं सुचेना, म्हणून मीच फोनचा स्पीकर चालू केला.

दाजींनी ख्यालीखुशाली विचारली नाही. "पाचव्या म्हैन्यात वीस तारीख ऱ्हायली गं माझ्याकडनं," म्हणाले.

मग ती म्हणाली, "मला दोन म्हैन्यामागंच दिसलतं ते, आप्पा."

"मग सांगितलं का न्हाईस?"

"फोन केला तर तुम्ही लग्नाचं काढशीला म्हणून भ्याले."

दाजींनी पुठ्ठा उगाच सरळ केला. "मी बी भ्यालतो," म्हणाले. त्यानंतर अर्धा तास दोघं त्या एका दिवसाला कुठं जागा करायची यावरच बोलत राहिली. लग्नाचा विषय निघाला नाही. मी चहा करायला आत गेलो आणि गरज नसताना तिथंच थांबलो.

भाचीनं लग्न केलेलं नाही. ती पुण्यात एकटी राहते, सणाला येते. मागच्या महिन्यात वडगावला गेलो तेव्हा दाजी तुटलेला धागा जोडत होते. डोळे आता नीट काम देत नाहीत, तीनदा चुकले. मान वर न करता म्हणाले, "एकटी असती पोरगी. लई भ्या वाटतं, पावणं. पर ते भ्या माझं हाय. तिच्या गळ्यात कशाला बांधू?" आणि त्यांनी माग चालू केला. मी काहीतरी बोललो, पण त्या खडखडाटात ते त्यांना ऐकू गेलं नाही.