किटली हसवा

तोमिए कुझुहारा क्योतोच्या सिनेमा स्टुडिओत आली तेव्हा एकोणीस वर्षांची होती. तोफू विकणाऱ्या बापाची बोलणी खाऊन आली होती. पहिल्याच दिवशी तिला खानावळीतल्या मोलकरणीची भूमिका मिळाली आणि हातात काळी किटली दिली. दिग्दर्शक हिगाकी ओरडले, "मागची ती किटली हसवा!"

स्टुडिओच्या बोलीत 'हसवा' म्हणजे 'चौकटीतून काढा'. तोमिएला काय ठाऊक? किटलीवाली म्हणजे आपणच, असं धरून ती थांबली. हसवायला कोणी येईना, तेव्हा बिचारी स्वतःच खदखदून हसली. तलवार उपसलेला नायकसुद्धा फिस्सकन हसला.

"राहू दे तिला," हिगाकी डोळे पुसत म्हणाले. "किटलीसकट."

त्या हसण्यावर तिचं एक्केचाळीस वर्षं पोट भरलं. मोलकरीण, सुईण, खाष्ट शेजारीण, आता चहाच्या टपरीवरची म्हातारी. हातात बहुतेक वेळा किटली. मोठी भूमिका कधी आली नाही. रोज सकाळी स्टुडिओतल्या इनारी देवाच्या देवळीपुढे दोन टाळ्या वाजवून ती एवढंच मागायची, "आजही चौकटीत ठेव."

यंदा गुरुवारच्या टीव्ही मालिकेत तिचं एकच दृश्य होतं. वृद्धाश्रमातली थोरली बहीण दर गुरुवारी टीव्हीपुढे खुर्ची धरून बसे. फोनवर म्हणाली, "दिसत नाहीस गं! काढलं की काय तुला?"

"या गुरुवारी बघ, ताई. नक्की."

दृश्य असं: नायक गाव सोडून निघतो, मागे टपरीवर किटली घेऊन बसलेली तोमिए. तरुण दिग्दर्शिका निइमीने पडद्यावर चौकट बघितली. "मागची आजी हसवा."

नटांना केसांचे टोप बसवणारे मुरोगा काका खाली बघू लागले. आता तोमिएला अर्थ पक्का ठाऊक होता. ती उठली, गुडघे कुरकुरले. अन् मग निघालेल्या नायकाकडे बघून ती पहिल्या दिवसासारखीच खदखदून हसली.

"आजी, मी तुम्हाला..."

"कळलं गं बाई. पहिल्यांदा चुकून हसले होते. आज मुद्दाम हसून बघितलं."

"त्या शब्दावरच तर हिला काम मिळालं!" काका म्हणाले.

कॅमेरा चालूच होता. निइमीने तो तुकडा पुन्हा लावून बघितला. म्हातारीचं हसू ऐकून नायकाचे डोळे खरंच भरून आले होते. निइमी नख चावत राहिली.

"आजी राहू देत," ती शेवटी म्हणाली. "किटली तेवढी हसवा. नजर तिच्यावरच जाते."

गुरुवारी फोन वाजला. "दिसलीस हो! पण किटली कुठे गेली?"

"हसली," तोमिए म्हणाली.