निळ्या निरोपात पिवळे आम्ही

जपानी लोकांशी माझं काहीही वैर नाही. उलट जर्मनीतल्या र्युसेल्सहाइमच्या आमच्या घरात सकाळ-संध्याकाळ त्यांचीच गाणी वाजायची, कारण आमच्या सईचा आणि तिच्या तीन जर्मन मैत्रिणींचा जपानी पद्धतीचा नाचगाण्याचा ग्रुप होता. त्यात प्रत्येकीला आपला एक रंग. पण एकटीने पुढे पुढे करायचं नाही. एकीचा हात जरा उशिरा वर गेला तरी चौघी पहिल्यापासून नाचायच्या. (एवढी शिस्त स्वतःची खोली आवरताना दिसली असती तर आम्ही जपानचे ऋणी राहिलो असतो.)

मग लेनाच्या आईला म्युनिकला नोकरी लागली. लेना म्हणजे ग्रुपातली निळी, सईची किंडरगार्टनपासूनची जिवलग. ग्रुप सोडणाऱ्या मुलीला निरोप द्यायची जपान्यांची रीत आहे. शेवटच्या गाण्याला सगळं सभागृह फक्त तिच्या रंगाच्या चमकत्या कांड्या हलवतं. गाणं संपलं की ती माइक खाली ठेवते आणि एकटी निघून जाते. तोवर कुणी चकार शब्द काढायचा नाही. सईने लेनासाठी हे सगळं आखलं होतं, हे मला नंतर कळलं. एरवी ती मला जर्मनमध्ये उत्तरं देते, त्या दिवशी चक्क मराठीत म्हणाली, "बाबा, तू फक्त ये आणि बस. दुसरं काहीही करू नकोस."

आता लेकीचा कार्यक्रम आणि बापाने नुसतं बसायचं? मी अख्ख्या मराठी मंडळाला आमंत्रण दिलं. सईचा रंग पिवळा, म्हणून सगळ्यांना पिवळ्या कांड्या वाटल्या. दारात एक मुलगी निळ्या देत होती, तिला मंडळाचे अध्यक्ष देशपांडेकाका म्हणाले, नको, आम्ही आमच्या आणल्यात. पुढच्या रांगा आम्ही आधीच जॅकेटं टाकून धरल्या होत्या. जर्मन प्रेक्षक मुकाट्याने मागे बसले.

शेवटचं गाणं सुरू झालं. मागे सगळं निळंनिळं आणि पुढे आमचा पिवळा पट्टा! सई डोळ्यांनी काहीतरी खुणावत होती. तिला अजून जोर हवाय असं समजून आम्ही जोर लावला. गाणं संपलं, लेनाने रडत रडत माइक खाली ठेवला, सभागृह एकदम शांत झालं. मला वाटलं, कार्यक्रम पडला. पोरींची लाज राखायला मी उभा राहिलो आणि खणखणीत आवाजात ओरडलो, "वन्स मोअर!"

नाट्यसंगीतावर पोसलेलं मंडळ मागे राहतंय होय? एकच गजर झाला. जाता जाता लेना थबकली. साउंडवाल्याला वाटलं, फर्माईश आहे. त्या भल्या माणसाने गाणं पुन्हा लावलं. लेना तोंड झाकून आत पळाली. मग उरलेल्या तिघी पुढे आल्या, कमरेत वाकल्या आणि बराच वेळ तशाच राहिल्या.

"किती नम्र पोरी!" देशपांडेकाका गहिवरले. आम्ही उभं राहून टाळ्या वाजवल्या. सगळ्यात जास्त मी.

गाडीत सई खिडकीबाहेर बघत होती. "आम्ही माफी मागत होतो, बाबा. तुझ्यासाठी. आमच्यात एकाचं चुकलं की सगळे वाकतात."

लेना न बोलताच म्युनिकला गेली. सईचे फोन ती अजूनही उचलत नाही.

वाकलेल्या सईचा फोटो मात्र देशपांडेकाकांनी मंडळाच्या व्हॉट्सॲपवर टाकला आणि खाली लिहिलं, "परदेशातही मुलीवर असे संस्कार! धन्य ते वडील." मी काय करणार? हात जोडल्याचं चित्र टाकलं आणि फोन खिशात ठेवला.