लासरचं धरणं

लासरला राजाच्या दारात बसून दुसरा दिवस उजाडला, तेव्हा आत सरदारांसाठी डुक्कर शिजत होतं. सत्तरीची गवळण, आणि बसली होती ती उपाशी. दारात कुणी असं धरणं धरलं की निवाडा होईपर्यंत राजाला घास घेता येत नाही. घेतलाच, तर पुढे त्याला कुत्रंही विचारत नाही.

मागणी एकच होती : शीदलला सोडा. शीदल इथे ओलीस होता. त्याच्या बापानं बंड केलं म्हणून पोराला उद्या सकाळी फासावर चढवायचं ठरलं होतं. ही बातमी लासरला राजाच्याच गुराख्यानं दिली होती.

राजघराण्यांतली मुलं वाढवण्यात तिचा जन्म गेला. अर्तगल राजा आणि शीदल, दोघं लहानपणी सात वर्षं तिच्याकडे एकाच वाडग्यातून लापशी खात होते. आता एकाचा जीव वाचवायला तिनं दुसऱ्याचं राज्य पणाला लावलं होतं. आणि दुसऱ्याचा तिला भयंकर राग आला होता.

दुपारी अर्तगल बाहेर आला. मागे पाच सरदार.

"आई, ऊठ."

"पोरगा दे, उठते."

"सोडला तर हे पाचजण मला दुबळा म्हणतील. उद्या उलटतील माझ्यावर."

"मग जा, जेव. मी कुठं हात धरलाय तुझा?"

केर्नख सरदार हसला. "थांबा हो, महाराज. म्हातारी संध्याकाळपर्यंत आटोपतेय."

"बरं. थांबतो," म्हणत अर्तगल तिच्या शेजारी चिखलातच बसला.

राजानं पहिला घास घेतल्याशिवाय पंगतीत कुणालाच पानाला हात लावता येईना. उठून जावं, तर ते राजाशी उघड वैर. मांसाचा वास अंगणभर पसरला. लासरचे डोळे मिटू लागले. दोनदा ती कलंडली आणि दोनदा अर्तगलनं तिला सावरलं. दारातच मेली तर शीदलसाठी बसणारं कुणी उरणार नाही, या भीतीनं ती ओठ चावून जागी राहिली.

ऊन कललं. सरदारांची आपसात कुजबुज झाली.

"सोडून टाका त्याला," केर्नख शेवटी कुरकुरला. "आमचं काही म्हणणं नाही."

"पाचही जणांचं?"

"पाचही."

शीदलचे दोर कापले गेले. अर्तगल आत जाऊन लापशीचा वाडगा घेऊन आला.

"तुझा गुराखी तोंडाचा फार हलका आहे हं," लासर पुटपुटली. "घरातल्या गोष्टी बाहेर सांगत फिरतो."

"हलका कसला! तुला काय सांगायचं, ते दोनदा पाठ करून घेतलं मी त्याच्याकडून."

लासर त्याच्या सुकलेल्या ओठांकडे बघत राहिली. दोन दिवस मनातल्या मनात तिनं याच पोराला शिव्या घातल्या होत्या. तिनं वाडगा घेतला, आणि पहिला घास त्यालाच भरवला.